कामाचे अकरा सेकंद

फोन यायचे ते असे. "बाई, निजामाच्या काळातला दुष्काळ आहे का तुमच्याकडे? पंधरा-वीस सेकंद पुरे. त्यात एखादं लहान मूल असलं तर फारच बरं." वाण्याकडे अर्धा किलो साखर मागावी तसं. मीही वाण्यासारखीच म्हणायचे, "आहे. उद्या पाठवते."

आयुष्यभर मी हाच धंदा केला. पुण्यात एका छापखान्याच्या मागे आमचं जुन्या चित्रफितींचं भांडार होतं. सिनेमावाल्यांना आणि माहितीपटवाल्यांना जुन्या काळातली खरी दृश्यं लागतात. बैलगाड्या, बाजार, दरबार, पूर, मिरवणुका. ती आम्ही पुरवायचो. मालक पूर्वी एका थिएटरात मशीन चालवायचे. रिळं गोळा करायचं वेड त्यांचं, आणि ती पाहून प्रत्येक दृश्याचं एक कार्ड लिहायचं काम माझं. गाव कोणतं, काय चाललंय, किती सेकंद, आणि शेवटी एक रकाना: 'कशासाठी वापरता येईल'. हा रकाना माझ्या सुपीक डोक्यातून निघालेला. गिऱ्हाइकाला चटकन सापडतं म्हणून मालक त्याचं येईल-जाईल त्याच्याजवळ कौतुक करत आणि मी मनातल्या मनात फुगत असे. आता त्या रकान्याची आठवण आली की माझ्याच हातावर फुटपट्टी मारून घ्यावीशी वाटते.

एकदा हैदराबादहून एक बाई पत्र्याची ट्रंक घेऊन आल्या. त्यांचे आजोबा संस्थानच्या रेल्वेत इंजिनिअर होते. परळीपर्यंत रूळ टाकायचं काम चाललं होतं तेव्हा ते त्या भागात तंबू ठोकून राहिले होते आणि हौसेनं कॅमेरा घेऊन आसपासच्या गावांतून हिंडत होते. ट्रंकेत त्यांची नऊ रिळं होती. मालक म्हणाले, "बाई, हा तुमचा जिल्हा. तुम्हीच बघा."

मी मूळची आष्टीची. आष्टी जिल्ह्याच्या एका टोकाला, परळी दुसऱ्या टोकाला, पण पुण्यातल्या माणसाला तेवढा फरक कशाला कळतोय! मलाही ते ऐकून बरं वाटलं. पदर खोचून बसले.

आठ रिळांत पूल, खडीचे ढीग, साहेबाचा कुत्रा आणि पुन्हा पूल. नवव्या डब्याचं झाकण उघडलं आणि आंबूस वास नाकात गेला. त्या काळच्या फिल्मला हा रोगच असतो. जुनी झाली की ती आंबते, आक्रसते, चिकटते, आणि शेजारच्या रिळांनाही तो रोग लागतो. झाकणावर उर्दूत लिहिलेली एक चिठ्ठी डकवली होती. तिच्यात इंग्रजी अक्षरांत फक्त 'सिरसाळा' एवढं होतं. मी कार्डावर 'सिरसाळा' लिहिलं आणि झाकण बाजूला ठेवलं. माझे वडील निजामाच्या राज्यात उर्दूतून शिकलेले. तेव्हा ते हयात होते, आष्टीला ओट्यावर बसून दिवसभर कोणी बोलायला येतंय का बघत असायचे. दिवाळीत जाताना ते झाकण पिशवीत टाकलं असतं तर दोन मिनिटांचं काम होतं. पण मला ते सुचलंही नाही.

रीळ मी टेबलावर हातानं फिरवून पाहिलं. दगडी वेस, वेशीला लागून कडुनिंब, त्याच्यापुढे उकिरडा. नऊवारीतली एक बाई येते. तिची पाठ आपल्याकडे. फडक्यात गुंडाळलेलं तान्हं मूल ती उकिरड्यावर ठेवते, क्षणभर वाकून थांबते, मग उठते आणि मागे न बघता चालायला लागते. मूल हातपाय झाडतं. दुसरी एक बाई कडेनं येऊन त्याला उचलते. हे अकरा सेकंद.

माझ्या अंगावर काटा आला. खोटं कशाला सांगू, त्या काट्यात आनंदही होता. असं दृश्य हिंदुस्थानात कुणाकडे नसेल, हे मला तिथल्या तिथे कळलं.

त्यापुढे रिळात आणखी मिनिटभर होतं. पाच-सहा बायका गोळा होतात, एकमेकींना ढकलतात, कॅमेऱ्याकडे बघून हसतात. ती पाठमोरी बाई आता समोरून येते. तिच्या हातात सूप असतं. सूप देऊन ती मूल घेते, आणि तीही हसते, अगदी खळखळून. मी तो भाग दोनदा पाहिला, वैतागून. आमच्या धंद्यात कॅमेऱ्याकडे बघून हसणारी माणसं म्हणजे डोकेदुखी. इतकं काळीज कापणारं दृश्य आणि मागोमाग ह्या दात काढताहेत! गिऱ्हाईक म्हणणार, बाई, ह्यांना काय झालंय हसायला?

फिल्म इतकी आक्रसली होती की एकेक चित्र सुटं करून तिची प्रत काढावी लागणार होती. मालकांनी विचारलं, "ह्यातलं कामाचं किती?" मी मेणाच्या पेन्सिलीनं दोन खुणा केल्या. सुरुवातीला एक, दुसऱ्या बाईनं मूल उचललं तिथे एक. "एवढं घ्या. बाकी नुसतं हसणं आहे." तेवढ्याची प्रत निघाली. उरलेलं रीळ इतरांना रोग लागू नये म्हणून काढून टाकलं. नोंदवहीत 'नष्ट' लिहून खाली सही केली, तीही माझीच. झाकण मात्र चांगलं होतं, म्हणून मी ते माझ्या टेबलावर टाचण्या ठेवायला घेतलं.

कार्डावर लिहिलं: 'सिरसाळा. दुष्काळ. आई तान्हं मूल उकिरड्यावर टाकून जाते.' शेवटच्या रकान्यात: 'दुष्काळ, दारिद्र्य, निजामी राजवटीतले हाल.'

दुष्काळ हा शब्द रिळात कुठेही नव्हता. बाईच्या अंगावर चांगलं लुगडं होतं, कडुनिंब हिरवा असावा असा दाट होता. पण वर्षानुवर्षं फोनवर 'दुष्काळ आहे का, दुष्काळ आहे का' ऐकलं की डोळे तेच बघायला शिकतात. मी गिऱ्हाइकाच्या डोळ्यांनी पाहत होते, ही माझी चूक. ती दुसऱ्या कुणावर ढकलता येणार नाही.

ते अकरा सेकंद धो धो चालले. निजामाच्या राजवटीवरच्या माहितीपटात लागले. मग दुसऱ्याच प्रांतातल्या दुष्काळावरच्या सिनेमात लागले, आणि मी चकार शब्द बोलले नाही. एका निवेदकानं तर जड आवाजात म्हटलं होतं, "भुकेपुढे मायाही आटली." घरी टीव्हीवर ते ऐकताना मी शेजारणीला कोपरानं ढोसलं होतं, हे माझं बरं का.

त्यानंतर महिन्याभरानं पत्र आलं. टीव्हीवाल्यांकडून माहितीपटवाल्यांकडे आणि तिथून आमच्याकडे. अक्षर शाळामास्तराचं असावं, बोलणं दुसऱ्याचं. 'सिनेमात जी बाई दाखवली ती माझी आई. ते मूल मी. तिने मला टाकले नाही. तरी सिनेमा दुरुस्त करावा ही विनंती.' खाली अंगठा नव्हता, सही होती, वेडीवाकडी.

मला राग आला. असली पत्रं आम्हाला नेहमी यायची. मिरवणुकीतला कुठलाही फेटा दिसला की हे आमचे आजोबा. मी उलट टपाली तीन ओळींचं कोरडं उत्तर धाडलं. दृश्याची नोंद तज्ज्ञांनी तपासून केलेली असून तीत बदल करण्याचे कारण दिसत नाही. तज्ज्ञ म्हणजे कोण, तर मी.

दुसरं पत्र पंधरा दिवसांत आलं. ते मला अजून पाठ आहे. 'मला उचलणारी बाई आमची शेजारीण. ती डाव्या पायाने लंगडत असे. तुमच्याकडे सिनेमा आहे, तुम्ही बघून घ्यावे. माझ्या आधीची तीन भावंडे गेली म्हणून मला उकिरड्यावर ठेवून कोंड्यावर विकत घेतले. त्या दिवशी रेल्वेचा साहेब कॅमेरा घेऊन आला होता हे आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे.'

मी प्रत लावली. शेजारीण त्या दृश्यात जेमतेम तीन पावलं चालते. तिसऱ्या पावलाला तिचं अंग डावीकडे कलतं. मी शंभरदा पाहिलं होतं ते दृश्य, आणि प्रत्येक वेळी फक्त मुलाकडे.

आणि कोंड्यावर विकत घेतलेलं माणूस तर आमच्याच घरात होतं. माझा सख्खा मामा. मुलं जगत नसली की मूल उकिरड्यावर ठेवायचं, दैवाला दाखवायचं की बघ बाबा, हे आम्हाला नकोच आहे, टाकलंय. मग शेजारणीनं उचलायचं आणि आईनं तिला सूपभर कोंडा देऊन ते विकत आणायचं. आता ते दुसऱ्याचं झालं, त्यावर आपल्या घराची दृष्ट चालत नाही. मामाचं नाक त्यासाठीच टोचलेलं होतं. लहानपणी आम्ही त्याला 'कोंड्याचा' म्हणून चिडवायचो आणि तो आमच्यामागे चप्पल घेऊन धावायचा. हे सगळं मला माहीत होतं. सुपासकट माहीत होतं. टेबलावर ते सूप दोनदा पाहूनही मला मामा आठवला नाही.

मालक म्हणाले, "पत्र लिहा, माफी मागा, झालं." मी म्हटलं, मी जाऊन येते. अकरा सेकंदांची व्हिडिओ कॅसेट करून घेतली. निघताना टेबलावरच्या टाचण्या ओतल्या आणि झाकणही पिशवीत टाकलं. का टाकलं, सांगता येणार नाही. रिकाम्या हातानं जायला लाज वाटत होती, एवढंच.

सिरसाळ्याला त्या दिवशी बाजार होता. एसटीतून उतरले तर शेळ्यामेंढ्यांच्या कळपातून वाट काढावी लागली. येतेय म्हणून मी कळवलं होतं, त्यामुळे पत्र पाठवणारा म्हातारा स्टँडवरच उभा होता. उंच, सडपातळ, खांद्यावर घोंगडी. त्याच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या मेंढरं. उजव्या नाकपुडीवर टोचल्याची बुजलेली खूण. मी नाव विचारायच्या आधीच मला ती दिसली आणि माझी नजर खाली गेली.

"ताई, पुण्याहून आलात न्हवं? चला, च्या घ्या आदी."

गावच्या पुढाऱ्याच्या माडीवर व्हीसीआर होता. तिथे आठ-दहा माणसं जमली होती. मी कॅसेट लावायच्या आधी उभी राहिले आणि घसा साफ करून सांगितलं, की हा दुष्काळ नाही, हा कोंड्यावर मूल घेण्याचा विधी आहे, आणि कार्डावर चुकीचं लिहिणारी बाई मीच. मला वाटलं होतं, कुणीतरी दोन शब्द सुनावेल. म्हातारा म्हणाला, "ताई, गावाला ठावं हाय की ते. गावात कोण बोलतंय? नातीला बगायला आलते पाव्हणे, त्यांनी इचारलं, टाकून दिलेलं पोर म्हंजी तुमीच का? आता दर पाव्हण्याला मी काय सांगत बसू?"

"सोयरीक मोडली?"

"न्हाई, झाली. पर इचारलं ना त्यांनी. माज्या आईचं इचारलं."

मी कॅसेट लावली. म्हातारा पडद्याच्या अगदी जवळ, जमिनीवर मांडी घालून बसला. उकिरडा आला, पाठमोरी बाई आली, वाकली, गेली. शेजारीण तीन पावलं चालली. संपलं.

"परत लावा."

मी परत लावलं. पाच वेळा लावलं. सहाव्या वेळी तो म्हणाला, "तोंड कुटं हाय?"

"ह्यात पाठच आहे, बाबा."

"व्हय, पर म्होरं? म्होरं ती आली आसंल की. कोंडा घिऊन."

मी पिशवीतून झाकण काढलं. बोलायचं टाळायला माणूस काय काय करतो! म्हटलं, "ह्याच्यावर साहेबांनी उर्दूत काहीतरी लिहिलंय. गावात कुणाला येतं का वाचायला?"

"आना की हिकडं. निजामाच्या साळंत दुसरी पास हाय मी."

त्यानं झाकण उजेडात धरलं. बोट उजवीकडून डावीकडे सरकू लागलं, एकेका अक्षरावर थांबत. "बच्चे की... खरीद. रसम." मग बराच वेळ तो एकाच जागी अडकला. "माँ... हँस पडी." त्यानं झाकण खाली केलं आणि माझ्याकडे पाहिलं. "आई हासली आसं लिव्हलंय."

"हो."

"मग ते हासलेलं कुटं हाय?"

वाटेत मी ह्याचं उत्तर तयार केलं होतं. फिल्म खराब झाली होती, जुन्या फिल्म टिकत नाहीत, आमचा नाइलाज होता. प्रत्येक शब्द खरा होता आणि सगळं मिळून खोटं होतं.

"मी काढून टाकलं, बाबा. मला ते कामाचं वाटलं नाही."

"कावून?"

"लोक हसत होते म्हणून."

त्यानं मान हलवली. त्याला कळलं की नाही, मला माहीत नाही. कळण्यासारखं त्यात काय आहे? पुढाऱ्यांनी चहा आणवला. कुणीतरी बाजारभावाचं बोलायला लागलं, आणि मला सुटल्यासारखं वाटलं, त्याचीही मला लाज वाटते.

एसटीपर्यंत सोडायला तो आला. झाकण त्यानं घोंगडीत गुंडाळून काखेत धरलं होतं. मी ते परत मागणं शक्यच नव्हतं. वाटेत तो म्हणाला, "मी तीन वरसाचा हुतो. पटकीत गेली ती. फोटू न्हाई काई न्हाई. कोण म्हनतं, तुज्यावानी हुती. कोण म्हनतं, तुज्या लेकीवानी." थोडं चालून तो थांबला. "ताई, तुमी तर बगितलंय तिला."

"हो."

"म्होरून?"

"हो. दोनदा."

"कशी हुती?"

स्टँडवर बस सुरू होऊन उभी होती. कंडक्टर ओरडत होता. मला त्या म्हाताऱ्याला काहीतरी द्यायचं होतं. मनात आलं, सांगावं, सुरेख होती, नाकात नथ होती, हसताना गालाला खळी पडायची. दुष्काळ मनानं लिहिणाऱ्या बाईला एक खळी जड नव्हती. मी डोळे मिटून खरंच आठवून पाहिलं. टेबल आठवलं, आंबूस वास आठवला, तिच्या हातातलं सूप आठवलं, माझी मेणाची पेन्सिल आठवली. ती खळखळून हसली होती, हे आठवलं. चेहऱ्याच्या जागी काही येईना.

"खूप हसत होती, बाबा," मी म्हटलं. "तुम्हाला हातात घेताना खूप हसत होती."

"ते लिव्हलंय की झाकनावर," तो म्हणाला. रागानं नाही, नुसतं. मग त्यानं माझी पिशवी बसमध्ये ठेवून दिली.

पुण्याला येऊन मी जुनं कार्ड फाडलं आणि नवं लिहिलं. ज्यांनी ज्यांनी ते दृश्य नेलं होतं त्या सगळ्यांना पत्रं धाडली. एकाचं उत्तर आलं, की सिनेमा आता तयार झाला आहे, पुढच्या वेळी लक्षात ठेवू. बाकीचे गप्प बसले. ते दृश्य अजूनही कुठे ना कुठे लागतं, आणि आवाज अजूनही तेवढाच जड असतो. मी टीव्ही बंद करते. शेवटचा रकानाही मी बंद केला, पण तोवर कपाटातली हजारो कार्डं त्याच डोळ्यांनी लिहून झाली होती. त्यांतला निजामाच्या काळातला माझा मुलूख कधीच हसला नाही, कारण जिथे जिथे तो हसला तिथे तिथे मी खूण करून कापलं.

म्हातारा गेल्याचं मास्तरांच्या पत्रातून कळलं. झाकण घरातल्यांनी देव्हाऱ्यात ठेवलंय म्हणे. त्या दिवशी उकिरड्यापाशी जमलेल्या बायका केव्हाच गेल्या, इंजिनिअर गेले, रीळ गेलं. त्या बाईला हसताना पाहिलेलं आता जगात एकच माणूस उरलं आहे, ते मी. रोज कधीतरी दुपारी हातातलं काम टाकून मी डोळे मिटते आणि तिला पुन्हा समोरून बोलावते. ती येते, सूप देते, मूल घेते, आणि मला अजून तिचा चेहरा दिसत नाही.